पाळण्यातले पाय आणि कॅमेरा

बाळाला टेबलापुढे बसवायचं, समोर एक इंच बाजूचा लाल ठोकळा ठेवायचा आणि ते तो कसा उचलतं ते बघायचं. एवढाच प्रयोग, घरी कुणीही करून बघावा. बाळ हात पुढे करतं, ठोकळा धरतं आणि तोंडात घालतं. सगळं मिळून दोन-तीन सेकंदांचा कारभार. ‘उचलला बुवा’ यापलीकडे आपल्याला काही सांगता येत नाही. हात सरळ गेला की बाजूने वळसा घालून? ठोकळ्याला आधी तळवा लागला की बोटं? अंगठ्याने मदत केली की तो नुसताच बाजूला राहिला? असं कुणी खोदून विचारलं तर आपली पंचाईत होते. बघितलं तर सगळंच होतं, पण दिसलं फार थोडं.

अमेरिकेतल्या येल विद्यापीठात एच. एम. हॅल्व्हर्सन यांनी याच दोन-तीन सेकंदांवर १९३१ साली भलामोठा निबंध प्रसिद्ध केला. १६ आठवड्यांपासून ५२ आठवड्यांपर्यंतच्या बाळांचं ठोकळा उचलणं त्यांनी फिल्मवर घेतलं आणि मग एकेक फ्रेम थांबवून तपासली. मूकपटांच्या काळातला कॅमेरा साधारण सेकंदाला १६ फ्रेम टिपायचा. म्हणजे दोन सेकंदांच्या धडपडीची ३२ चित्रं हातात, आणि ती हवी तितक्या वेळा मागेपुढे करून बघायची सोय. त्यातून त्यांना पकडीचे दहा प्रकार सापडले. सुरुवातीला बाळाचा हात ठोकळ्यापर्यंत पोचतच नाही. मग नुसता स्पर्श होतो. पुढे बाळ ठोकळा कवटाळल्यासारखा दाबून धरतं. सातव्या महिन्याच्या सुमाराला तळव्याची मूठ वळते, पण अंगठा अजून कामाला लागलेला नसतो. वर्ष भरत आलं की तर्जनी आणि अंगठा समोरासमोर येतात, आणि शेवटच्या पायरीवर तर हात टेबलावर न टेकवता बाळ बोटांच्या टोकांनी अलगद ठोकळा उचलतं. हात नेण्याची तऱ्हाही बदलत जाते. आधी खांद्यातून झाडू मारल्यासारखा हात फिरतो, मग वळसा लहान होत जातो आणि शेवटी सरळ रेषेत नेम लागतो.

आता यात मानसशास्त्र कुठे आलं, असा प्रश्न पडेल. बाळाला बोलता येत नाही. त्याला प्रश्नावली देता येत नाही, ‘तुला काय वाटतं’ असं विचारता येत नाही. त्याचं मन जे काही असेल ते हालचालीतूनच बाहेर येणार. त्यामुळे हालचाल नीट वाचता येणं ही बालमानसशास्त्राची पहिली अडचण होती, आणि कॅमेरा येईपर्यंत ती सुटण्यासारखी नव्हती.

त्याआधी काय होतं? रोजनिशी. चार्ल्स डार्विनने आपल्या थोरल्या मुलाच्या बाळपणी नोंदी करून ठेवल्या होत्या. त्यावरचा लेख त्याने जवळजवळ चार दशकांनी, १८७७ साली छापला. जर्मनीत विल्यम प्रायर यांनी आपल्या मुलाच्या निरीक्षणांवर १८८२ साली अख्खं पुस्तक केलं. कामं मोलाची होती, पण लिहिणारा बापच. त्याला जे विशेष वाटलं ते वहीत उतरलं, बाकीचं गेलं. आपलं मूल किती हुशार हे ठरवताना आईबापांचा हात जरा सैल सुटतो, हे काही सांगायला नको. शिवाय वहीतली नोंद दुसऱ्याला पडताळून बघता येत नाही. बाळ तर तोवर मोठं झालेलं असतं.

फिल्मने ही अडचण सोडवली, पण ती स्वस्त झाल्यावर. स्टुडिओतली ३५ मिलिमीटरची फिल्म महाग होती आणि तिचा नायट्रेटचा पट्टा चटकन पेट घ्यायचा. १९२३ साली कोडॅक कंपनीने १६ मिलिमीटरची, सहजी न पेटणारी फिल्म आणि तिचा छोटा कॅमेरा बाजारात आणला. शंभर फुटांच्या एका रिळात चार हजार फ्रेम, म्हणजे चार मिनिटांच्या आसपासचं चित्रण. प्रयोगशाळेच्या खिशाला परवडेल अशी ही गोष्ट होती.

येलमधल्या या सगळ्या उद्योगामागचा माणूस म्हणजे आर्नोल्ड गेझेल. मानसशास्त्रात डॉक्टरेट घेतल्यावर त्यांनी वैद्यकीचाही अभ्यास केला. १९११ पासून ते येलमध्ये मुलांचं चिकित्सालय चालवत होते आणि १९२४ पासून त्यांनी कॅमेरा हाती घेतला. गेझेलना एक गोष्ट लवकर कळली होती: माणसं भोवती उभी असली की बाळ बाळासारखं वागत नाही, ते माणसांकडे बघत बसतं. म्हणून त्यांनी चित्रीकरणासाठी चक्क एक घुमट बांधून घेतला. मधोमध बाळाचा पाळणा किंवा टेबल, भोवती बारीक जाळीचं अर्धगोल कवच. जाळी आतून पांढरी रंगवलेली, आत उजेड, बाहेर अंधार. बाहेर बसलेल्यांना आतलं सगळं दिसायचं, बाळाला मात्र नुसती पांढरी भिंत. घुमटाला वक्र रूळ बसवलेले होते आणि त्यावरून कॅमेरा वरखाली सरकवता यायचा, त्यामुळे बाळ वरूनही टिपता येई आणि कडेनेही. १९३४ साली गेझेलनी या फिल्ममधल्या ३,२०० चित्रांचा दोन खंडांचा ग्रंथ काढला.

बाळ अमुक महिन्यात मान धरतं, तमुक महिन्यात बसतं, रांगतं, उभं राहतं, ही जी टप्प्यांची यादी आज प्रत्येक बालरोगतज्ज्ञाच्या डोक्यात असते, तिच्यात गेझेलच्या कामाचा मोठा वाटा आहे. म्हणजे फिल्मचा पहिला मोठा उपयोग झाला तो ‘सरासरी बाळ’ घडवायला. त्याचे परिणाम आपण अजून भोगतोय. शेजारचा चिन्मय नवव्या महिन्यात उभा राहिला आणि आमचा अजून रांगतोय, या काळजीचं मूळ शोधत गेलं तर वाट बरीचशी त्या जाळीच्या घुमटापाशी जाते. गेझेलची बाळं होती न्यू हेवन शहरातल्या गोऱ्या मध्यमवर्गीय घरांतली. तेवढ्यावरून जगातल्या सगळ्या बाळांचं वेळापत्रक काढणं घाईचंच होतं. आपल्याकडे प्रमिला फाटक यांनी बडोद्यात भारतीय बाळांची वेगळी प्रमाणं काढली आणि त्यातून दोन-अडीच वर्षांपर्यंतच्या मुलांसाठी भारतीय विकासमापन चाचणी उभी राहिली, ती याच कारणाने. चाचणीचा सांगाडा अमेरिकेतून आला, पण वयाचे आकडे इथल्या मुलांचे. ठोकळे मात्र तिथेही आहेत.

पण गंमत अशी की सरासरी काढायला बसलेल्या याच प्रयोगशाळेत सरासरीच्या नेमका उलटा प्रश्नही विचारला गेला, आणि मला या सगळ्या इतिहासात तो भाग सगळ्यात रंजक वाटतो. मुलाचे पाय पाळण्यात दिसतात असं आपण बिनदिक्कत म्हणतो. ते खरंच दिसतात का? आणि दिसतात की मूल मोठं झाल्यावर आपल्याला ते दिसले होते असं वाटतं? आईला विचारून याचं उत्तर मिळत नाही, कारण तिची आठवण आजच्या मुलाकडे बघून बदललेली असते. जुनी फिल्म मात्र तशीच राहते.

१९३३ साली लुईज बेट्स एम्स येलमध्ये गेझेलच्या हाताखाली आल्या. त्यांचं डॉक्टरेटचं काम होतं बाळाच्या रांगण्यावर, तेही फिल्म फ्रेमगणिक तपासून. १९३७ साली गेझेल आणि एम्स यांनी एक छोटा अभ्यास प्रसिद्ध केला. पाच मुलं होती. पहिल्या वर्षात त्यांचं चित्रीकरण झालं होतं आणि पाच वर्षांची झाल्यावर पुन्हा झालं. दोन्ही वयांच्या फिल्म बघून पंधरा गुणांवर या पाचांचा क्रम लावायचा होता. गुण असे: अंगातली चपळाई, स्वतःचं स्वतः करण्याची वृत्ती, माणसांना प्रतिसाद, परिस्थितीशी जुळवून घेणं, विनोदबुद्धी, अडवलं तर काय करतं, यश मिळाल्यावर काय करतं, चटकन हसतं का, चटकन रडतं का. प्रत्येक गुणात पहिलं कोण, दुसरं कोण, शेवटचं कोण, हे बाळपणीच्या फिल्मवरून ठरवायचं आणि मग पाचव्या वर्षीच्या क्रमाशी ताडून बघायचं.

पाच मुलं, पंधरा गुण, म्हणजे ७५ क्रमांक. त्यातले ४८ जसेच्या तसे जुळले. २१ ठिकाणी एका क्रमांकाचा फरक पडला, ६ ठिकाणी दोनचा. त्याहून मोठा फरक एकही नाही.

हे आकडे किती बोलके आहेत ते कळायला थोडा हिशेब करावा लागतो. समजा पाचव्या वर्षीचे क्रम डोळे मिटून, चिठ्ठ्या उचलून लावले असते. पाच जणांची यादी अशी सरमिसळ केली तर सरासरीने एक नाव आपल्या मूळ जागी पडतं. पंधरा याद्यांत मिळून पंधरा. म्हणजे नुसत्या योगायोगाने ७५ पैकी १५ जुळले असते आणि तीन किंवा चार क्रमांकांची मोठी उडी १८ ठिकाणी दिसली असती. प्रत्यक्षात जुळले ४८ आणि मोठ्या उड्या शून्य. तेव्हा वर्षाच्या आत बाळात दिसणाऱ्या ढंगातलं काहीतरी पाचव्या वर्षीही टिकून असतं, असं म्हणायला जागा झाली.

अर्थात यावर डोळे झाकून विश्वास ठेवू नये. मुलं पाचच. पंधरा गुण कागदावर वेगळे असले तरी एकमेकांत गुंतलेले. चटकन हसणारं बाळ माणसांना प्रतिसाद देणारंही वाटणारच. आणि क्रम लावणाऱ्याच्या मनात एखाद्या बाळाबद्दल एकदा ‘हे मोठं गोड’ असं बसलं की ते सगळ्याच गुणांत वर चढतं. आज असा अभ्यास कुणी पाठवला तर नियतकालिक तो परत करील. पण त्यातली युक्ती टिकली: घटना घडून गेल्यावर तिचा पुरावा अशा माणसाच्या हातात द्यायचा की ज्याला पुढचं माहीत नाही.

याच्या उलट टोकाला गेझेलचाच जुळ्यांचा प्रयोग आहे. हेलन थॉम्प्सन यांच्याबरोबर १९२९ साली त्यांनी तो प्रसिद्ध केला. दोन जुळ्या मुली. एकीला ४६ व्या आठवड्यापासून सहा आठवडे रोज जिना चढायचा सराव दिला, दुसरीला जिन्याजवळही फिरकू दिलं नाही. ५२ व्या आठवड्यात पहिली २६ सेकंदांत जिना चढायची. दुसरीला ५३ व्या आठवड्यात पहिल्यांदा जिन्यापाशी सोडलं तर ती ४५ सेकंदांत चढली, आणि नुसत्या दोन आठवड्यांच्या सरावानंतर १० सेकंदांत. गेझेलनी निष्कर्ष काढला की शरीर तयार झाल्याशिवाय शिकवण्यात अर्थ नाही. आज हे इतकं सरळ मानलं जात नाही. जिन्यावर नसली तरी दुसरी मुलगी घरभर रांगत होती, धरून उभी राहत होती. तो सराव नव्हे तर काय? पण शिकवणीची घाई करणाऱ्या पालकांना हा प्रयोग आजही ऐकवावासा वाटतो.

गेझेलच्या आधी, १९१९-२० च्या हिवाळ्यात, जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात जॉन वॉटसन यांनीही बाळांवर कॅमेरा रोखला होता. ‘छोटा अल्बर्ट’ म्हणून जगाला माहीत असलेलं अकरा महिन्यांचं बाळ, पांढरा उंदीर, आणि उंदराला हात लावला की मागे लोखंडी दांड्यावर हातोड्याचा दणका. मूल कसंही घडवता येतं, भीती शिकवता येते, हे वॉटसनना दाखवायचं होतं. प्रयोग अमानुष होता, यावर आज दुमत नाही. पण त्यातली एक बारीक गोष्ट फारशी कुणी सांगत नाही. अल्बर्ट अंगठा तोंडात घातला की घाबरायचा थांबायचा. चित्रण करताना त्याची भीती दिसावी म्हणून पुन्हा पुन्हा त्याच्या तोंडातून अंगठा काढावा लागला, असं वॉटसन आणि त्यांच्या सहकारी रोझाली रेनर यांनी स्वतःच लिहून ठेवलंय. म्हणजे मूल म्हणजे कोरी पाटी हे सिद्ध करायला घेतलेल्या प्रयोगात, ते मूल आपला स्वतःचा बचाव शोधून बसलं होतं. त्याला निवडलंही होतं ते सहसा न रडणारं, शांत बाळ म्हणून. माणसामाणसांत फरक असतो हे गृहीत धरूनच निवड झाली आणि निष्कर्ष मात्र सगळ्यांसाठी निघाला! वॉटसन पुढे जाहिरात कंपनीत गेले, यात फारसं नवल नाही.

बर्लिनमध्ये कुर्ट लेविन वेगळंच काही बघत होते. त्यांच्या एका फिल्ममध्ये दीड वर्षाची हाना एका दगडावर बसू बघते. मोठ्यांना यात बघण्यासारखं काय आहे? पण बसायचं तर दगडाकडे पाठ करावी लागते, आणि पाठ केली की दगड दिसेनासा होतो. हानाला दगड हवा आहे, त्यामुळे तिला त्याच्याकडे तोंड करून राहावंसं वाटतं. ती दगडाभोवती फिरत राहते. जवळ जाते, वळते, पुन्हा समोर येते. अशा वेळी वाकून आपल्याच पायांमधून दगडावर नजर ठेवत मागे सरकणं हा मुलांनी काढलेला तोडगा. लेविन यांचं म्हणणं असं की मुलाचं वागणं एकट्या मुलात शोधू नका. मूल आणि त्याच्याभोवतीची परिस्थिती यांच्यात जी ओढाताण चालते, तिच्यात शोधा. ही ओढाताण शब्दांत सांगायला ते पानंच्या पानं आणि आकृत्या खर्ची घालत. १९२९ साली येलमध्येच भरलेल्या आंतरराष्ट्रीय मानसशास्त्र परिषदेत ते जर्मनमधून बोलले. अमेरिकन श्रोत्यांना मुद्दा पोचवला तो हानाच्या फिल्मने.

गेझेलची जाळी भोवतालचं जग पुसून टाकायची आणि लेविनचा कॅमेरा नेमकं तेच जग चौकटीत आणायचा. कॅमेरा निःपक्षपाती असतो असं तेव्हाचे बरेच जण समजत. ते काही खरं नाही. काय चौकटीत घ्यायचं हे ठरलं की निम्मा सिद्धांत ठरलेलाच असतो. मानववंशशास्त्रज्ञ मार्गारेट मीड आणि ग्रेगरी बेटसन १९३६ ते १९३८ या काळात बालीमध्ये होते. तिथून ते २२,००० फूट फिल्म आणि २५,००० छायाचित्रं घेऊन आले, त्यातली बरीचशी आई आणि मूल यांच्या जोडीवर रोखलेली होती. मग फरक दिसला तोही संस्कृतींमधला, दोन मुलांमधला नाही. दोन मुलांमधला फरक बघायचा तर दोघांना एकच प्रसंग द्यावा लागतो. १९४० च्या दशकात व्हासार कॉलेजात जोसेफ स्टोन यांनी तेच केलं: चार-पाच वर्षांच्या दोन मुलांना फुगे देऊन ते फोडायचं आमंत्रण. फुगे तेच, मोठा माणूस तोच, आणि दोन मुलांच्या दोन तऱ्हा.

या सगळ्यात प्रत्यक्ष जगावर सगळ्यात जास्त परिणाम कुठल्या फिल्मने केला असेल तर लंडनच्या जेम्स रॉबर्टसन यांच्या. तेव्हा ब्रिटनमधल्या इस्पितळांत लहान मुलांना आईबापांना भेटू देत नसत किंवा फार थोडा वेळ देत. मूल दोन दिवस रडतं, मग ‘रुळतं’, असं डॉक्टर-नर्स सांगत. १९५१ साली रॉबर्टसन यांनी हर्नियाच्या शस्त्रक्रियेसाठी आठ दिवस भरती झालेल्या एका मुलीचं चित्रण केलं. वय दोन वर्षं पाच महिने, फिल्ममधलं नाव लॉरा. रडण्याचे प्रसंग वेचून घेतले असा आरोप होणार हे त्यांना ठाऊक होतं. म्हणून रोजच्या चित्रणाच्या वेळा आधीच ठरवल्या आणि भिंतीवरचं घड्याळ फ्रेममध्ये घेतलं. १९५२ साली डॉक्टरांच्या सभेत फिल्म दाखवली तेव्हा मोठा गदारोळ झाला. ही मुलगी अपवाद आहे, इस्पितळांची बदनामी चालली आहे, असं लोक म्हणाले. लॉरा अपवाद होतीच, पण उलट बाजूने. वयाच्या मानाने ती विलक्षण संयमी होती, फारसं रडायचीच नाही. रडं दाबताना तिच्या चेहऱ्यावर जे होतं, तेच पाहणाऱ्यांना सहन झालं नाही. सरकारी समितीचा अहवाल १९५९ साली आला आणि आईबापांना मोकळेपणी भेटू द्या, अशी शिफारस त्यात झाली.

फिल्म गेली, व्हिडिओ आला, आणि चित्रण प्रयोगशाळेतून घरात शिरलं. १९९४ साली वॉशिंग्टन विद्यापीठात जूली ऑस्टरलिंग आणि जेराल्डिन डॉसन यांनी एम्स यांचीच युक्ती वेगळ्या कामाला लावली. पुढे स्वमग्नता म्हणजे ऑटिझम असल्याचं निदान झालेली ११ मुलं आणि तसं निदान न झालेली ११ मुलं. या बावीस जणांच्या पहिल्या वाढदिवसाच्या घरगुती टेपा त्यांनी पालकांकडून मागवल्या. केक, मेणबत्ती, मावश्या-आत्यांची गर्दी, बाळाला हाका. कुणाचं पुढे काय झालं हे माहीत नसलेल्या निरीक्षकांनी त्या बघून नोंदी केल्या: बाळ बोट दाखवतं का, हातातली वस्तू दुसऱ्याला दाखवतं का, नावाने हाक मारल्यावर वळतं का, माणसांच्या चेहऱ्याकडे बघतं का. निदान होण्याच्या कितीतरी आधीच्या त्या टेपांमध्ये दोन गट वेगळे दिसत होते, आणि त्यातली सगळ्यात भरवशाची खूण निघाली ती शेवटची, माणसांच्या चेहऱ्याकडे बघणं. टेपा करणाऱ्या आईबापांना वाढदिवस टिपायचा होता. तपासण्यासारखं काही आपण टिपतोय हे त्यांच्या गावीही नव्हतं, आणि संशोधनाच्या दृष्टीने त्या टेपांची किंमत याच कारणाने वाढली.